एवढासा वायसर

मुलुंड-घाटकोपरच्या चाळींतही आता गॅसची शेगडी आली आहे. नवा सिलिंडर आला की टोपण काढा. उजेडात तोंडाच्या आत बघा. मधे पिन दिसेल. तिच्याभोवती रबराचा काळा वायसर असतो. अंगठीएवढाच! पण रेग्युलेटर त्याच्यावर घट्ट बसतो, म्हणून गॅस बाहेर येत नाही. वायसर नसला किंवा चिरला, तर गॅस गळतो. सिलिंडर आणणाऱ्यासमोरच तो बघून घ्या.

गॅस दिसत नाही. तो हवेहून जड, जमिनीलगत साचतो. तो कळावा म्हणून त्यात उग्र वास घातलेला असतो. वास आला तर काडी ओढू नका. दिव्याचे बटण दाबू नका. रेग्युलेटर बंद करा. दारे-खिडक्या उघडा. बाहेर जाऊन १९०६ या नंबरावर फोन करा.

टोपण फेकू नका. गळक्या सिलिंडरवर तेच घट्ट बसवायचे असते.