वीस लाखांचे एकेचाळीस लाख कसे होतात?

प्रश्न : आमचं खाप्यात कन्हानच्या बाजूला जुनं मातीचं घर आहे. ते पाडून तिथेच नवं बांधायचं ठरलं आहे. त्यासाठी २० लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के बदलता दर, मुदत २० वर्षे. बँकेच्या कागदावर एकूण परतफेड ४१ लाख ६५ हजारांच्या वर दिसते. आजोबा म्हणतात, ‘दामदुपटाच्या वर व्याज घेताच येत नाही, बँक फसवते आहे.’ हे खरं आहे का? आणि वावरातल्या संत्र्याचे थोडेफार पैसे वर्षातून एकदा हाती येतात. ते कर्जात भरावेत की बँकेत ठेवावेत?
– एक वाचक, खापा (ता. सावनेर, जि. नागपूर)

उत्तर : आजोबांना माझा नमस्कार सांगा. ते हवेतलं बोलत नाहीत. दामदुपटाचा नियम खरोखरचा आहे. मनुस्मृतीत तो आहे, इंग्रजी अमलात मुंबई इलाख्यातली न्यायालये हिंदू ऋणकोच्या बाबतीत तो लावत, आणि १९४६ च्या मुंबई सावकारी कायद्यानेही मुद्दलापेक्षा जास्त व्याजाचा हुकूमनामा करायला न्यायालयांना मनाई केली. पिढ्यान्‌पिढ्या सावकाराच्या वहीखाली दबलेल्या माणसाला हा एक आधार होता. म्हणूनच तो लोकांच्या तोंडी अजून टिकून आहे.

पण हा नियम एका वेळी मागितलेल्या व्याजाला लागतो. थकत गेलेलं व्याज मुद्दलाइतकं झालं की त्यापुढे सावकाराला मागता येत नसे. ऋणको दरसाल व्याज चुकतं करत राहिला आणि मुद्दल तसंच उरलं, तर तीस वर्षांत मुद्दलाच्या तिप्पट व्याज गेलं तरी नियम मोडत नव्हता. तुमचा मासिक हप्ता नेमका असाच चालतो. त्या महिन्याचं व्याज त्याच महिन्यात वसूल होतं, थकबाकी कधी साचत नाही, आणि दामदुपट लागू व्हायला जागाच उरत नाही. शिवाय बँकिंग नियमन कायद्यात १९८४ साली घातलेल्या कलम २१-क मुळे, व्याज फार झालं एवढ्याच कारणावरून बँकेचा व्यवहार न्यायालयाला उकरून काढता येत नाही. तेव्हा बँक तुम्हाला फसवत नाही. आकडा खरा आहे. तो कुठून येतो ते मात्र पाहून घ्या, कारण त्यातला बराचसा भाग तुमच्या हातात आहे.

तुमचा हप्ता १७,३५६ रुपये येतो. पहिल्या महिन्यात २० लाखांवरचं व्याज १४,१६७ रुपये होतं. ते आधी कापलं जातं, आणि मुद्दलात जमा होतात फक्त ३,१९० रुपये. दुसऱ्या महिन्यात व्याज वीस-बावीस रुपयांनी कमी होतं. ही घट पुढे वेग घेते, पण फार उशिरा. पाच वर्षांत तुम्ही १० लाख ४१ हजार भरलेले असतात आणि कर्ज उरलेलं असतं १७ लाख ६२ हजार. मुद्दल निम्म्यावर यायला जवळपास चौदा वर्षे लागतात. बँकेकडून परतफेडीचा पूर्ण तक्ता छापून घ्या आणि आजोबांसमोर बसून त्यातल्या पहिल्या साठ ओळी वाचा. एकूण आकड्यापेक्षा त्या साठ ओळी जास्त शिकवतात.

आता मुदत बदलून पाहू. तेच २० लाख आणि तोच दर, पण १५ वर्षांत फेडायचे म्हटले तर हप्ता १९,६९५ रुपये आणि एकूण व्याज १५ लाख ४५ हजार. २० वर्षांत व्याज २१ लाख ६५ हजार. ३० वर्षे घेतली तर हप्ता १५,३७८ रुपयांवर उतरतो, पण व्याज ३५ लाखांच्या पुढे जातं. म्हणजे वीसवरून तीस वर्षांवर गेलात तर महिन्याला दोन हजारही वाचत नाहीत, आणि त्या सवलतीची किंमत पावणेचौदा लाख रुपये पडते. दर पाव टक्क्याने कमी मिळावा म्हणून लोक चार बँका पालथ्या घालतात, ते योग्यच आहे. पण मुदतीचा रकाना ‘जास्तीत जास्त किती देता’ असं विचारून भरून टाकतात, आणि खरा पैसा तिथे जातो. हप्ता झेपत असेल तर पंधरा वर्षे घ्या, असं माझं स्पष्ट मत आहे.

एक गोष्ट मात्र बँकेच्या बाजूने सांगायला हवी. ४१ लाख ६५ हजार हा आकडा दिसतो तितका भयंकर नाही, कारण त्यात आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया एकाच ओळीत मांडून बेरीज केलेली असते. महागाई दरसाल ५ टक्के धरली, तर शेवटचा १७,३५६ चा हप्ता आजच्या साडेसहा हजारांएवढा जड असेल. सगळे हप्ते याच हिशेबाने आजच्या रुपयांत आणले तर बेरीज सुमारे २६ लाख ३० हजार होते. वीस लाख आज हातात मिळण्याची खरी किंमत सव्वासहा लाखांच्या आसपास, आणि त्या बदल्यात घरात राहायला आजपासून मिळतं. अट एकच, तुमची मिळकतही महागाईबरोबर वाढायला हवी. पगारदाराची बहुधा वाढते. संत्र्याच्या भावाची तशी खात्री कुणी देऊ शकत नाही.

तुमच्या पत्रातला ‘बदलता दर’ हा शब्द सगळ्यात महत्त्वाचा आहे. बँकांना १ ऑक्टोबर २०१९ पासून नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाहेरच्या मापदंडाला जोडावी लागतात. बहुतेक बँका त्यासाठी रिझर्व्ह बँकेचा रेपो दर घेतात. रेपो दर मे २०२२ च्या सुरुवातीला ४ टक्के होता, तो फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहा टक्क्यांवर गेला. २०२१ मध्ये कुणी पावणेसात टक्क्यांनी २० लाख २० वर्षांसाठी घेतले असतील, तर त्याचा हप्ता होता १५,२०७ रुपये. दोन वर्षांनी दर सव्वानऊ झाला आणि हप्ता तोच राहिला, तर उरलेली १८ वर्षे ३५ वर्षांच्या वर जातात. ही छपाईची चूक नाही, गणितच तसं आहे. हप्त्यातला जवळजवळ सगळा पैसा व्याजातच जातो आणि मुद्दल हलत नाही. बँका बहुधा हप्त्याला हात न लावता मुदत वाढवत होत्या. खात्यातून कापली जाणारी रक्कम तीच दिसत असल्याने घरी कुणाला पत्ता लागत नव्हता. ठरलेल्या मुदतीत फेडायचं तर हप्ता १८,०७७ रुपये करावा लागला असता, एवढाच उपाय होता.

यावर रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढलं. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे ठरवण्याचा पर्याय कर्जदाराला द्यावाच लागतो, आणि दर तिमाहीला किती मुद्दल गेलं, किती हप्ते उरले याचं विवरणही द्यावं लागतं. तुम्ही पहिल्याच दिवशी लेखी द्या की दर वाढल्यास हप्ता वाढवावा, मुदत नव्हे. दर उतरला तर उलट करा, हप्ता तोच ठेवून मुदत कमी करून घ्या. कर्ज बँकेऐवजी गृहवित्त कंपनीकडून घेणार असाल तर आणखी सावध राहा. रेपोशी जोडण्याचं बंधन त्यांना नाही, त्यांचा मूळ दर त्या स्वतः ठरवतात, आणि रेपो उतरला म्हणून तुमचा दर आपोआप उतरेल असं नाही.

तुम्ही घर बांधणार आहात, तयार घेणार नाही. त्यामुळे पैसे एकदम मिळणार नाहीत. जोता, मग स्लॅब, मग प्लास्टर, असे टप्प्याटप्प्याने मिळतील. पूर्ण रक्कम उचलेपर्यंत बँक बहुधा नुसतं व्याज घेते. त्याला प्री-ईएमआय म्हणतात, आणि त्यात मुद्दल एक रुपयानेही कमी होत नाही. सरासरी १० लाख उचललेले असताना बांधकाम वर्षभर चाललं, तर ८५ हजार रुपये असे जातात, आणि त्याच काळात तुम्ही दुसरीकडे भाड्याने राहत असाल. बांधकाम रखडणं हा गृहकर्जाचा सगळ्यात दुर्लक्षित खर्च आहे. मिस्त्री, रेती आणि मजूर यांची जुळवाजुळव झाल्याशिवाय पहिला टप्पा उचलू नका. जोत्याचं काम पावसाळ्यात अडकेल अशा बेताने तर मुळीच नको.

दुसरा खर्च सहीच्या टेबलावर येतो. ‘कर्जाचा विमा’ म्हणून साठेक हजारांचा एकरकमी हप्ता मांडतात, आणि ‘तुम्हाला खिशातून द्यायचे नाहीत, कर्जातच मिळवतो’ असं गोड सांगतात. ते साठ हजार वीस वर्षांत सव्वा लाख होतात. कमावत्या माणसाच्या जिवाचा विमा हवाच, त्यात दुमत नाही. पण साधी मुदत विमा पॉलिसी वेगळी घ्या. तिचा हप्ता दरसाल भरता येतो, आणि कर्ज लवकर फिटलं तरी ती घरच्यांच्या कामी राहते. अमुकच कंपनीचा विमा घ्या अशी सक्ती कर्ज देणाऱ्याला करता येत नाही.

प्रक्रिया शुल्क, त्यावरचा जीएसटी, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन आणि गहाणाची नोंद हे सगळं एका ठिकाणी पाहायला मिळतं. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जासोबत ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ देणं सक्तीचं आहे. कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत ते द्यावं लागतं, म्हणून मराठीतच मागा. त्यात एपीआर नावाचा एक आकडा असतो. व्याज, शुल्क, कर्जात घातलेला विमा, सगळं मिळून वर्षाला किती टक्के पडतं ते तो सांगतो. दोन बँकांची तुलना करताना जाहिरातीतला दर बाजूला ठेवून हाच आकडा शेजारी शेजारी ठेवा. या कागदावर नसलेलं शुल्क पुढे तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही.

आता संत्र्याचे पैसे. माझं उत्तर आहे, कर्जात भरा, आणि सुरुवातीच्या वर्षांतच भरा. पहिलं वर्ष संपताच एक लाख मुद्दलात टाकले तर शेवटचे २६ हप्ते गळून पडतात. तेच एक लाख पंधरा वर्षांनी टाकले तर जेमतेम साडेआठ हप्ते कमी होतात. एवढी रक्कम निघत नसेल तर दरसाल एक जादा हप्ता भरा. अंबिया बहाराचा तोडा झाला की १७ हजार आधी बाजूला काढायचे. एवढ्याने कर्ज सव्वातीन वर्षे आधी संपतं आणि चार लाखांच्या वर व्याज वाचतं. मुदत ठेवीत हेच पैसे ठेवले तर व्याज कर्जाच्या दरापेक्षा कमी मिळतं, आणि तेही करपात्र असतं. बदलत्या दराच्या गृहकर्जावर वैयक्तिक कर्जदाराकडून मुदतपूर्व फेडीचा दंड घेता येत नाही. भरताना मात्र ‘मुदत कमी करावी’ असं लिहून पोच घ्या. नाहीतर बँकेच्या पद्धतीप्रमाणे हप्ता कमी होऊ शकतो, आणि मग वाचवलेलं व्याज बरंचसं परत जातं.

एक अपवाद सांगतो. निदान सहा हप्त्यांइतकी रक्कम हाताशी असल्याशिवाय मुद्दलात काही भरू नका. फळगळ किंवा गारपीट झालेल्या वर्षी बँकेत गेलेले पैसे परत मागता येत नाहीत, आणि तेव्हा सोनं गहाण टाकायची किंवा खाजगी सावकाराकडे जायची पाळी आली, तर वाचवलेलं सगळं तिथे संपतं.

खापा नगर परिषदेच्या हद्दीत असल्यामुळे प्रधानमंत्री आवास योजना (शहरी) २.० मधलं व्याज अनुदान तपासून पाहा. ही योजना १ सप्टेंबर २०२४ पासूनच्या कर्जांना आहे. कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न ९ लाखांपर्यंत, घराची किंमत ३५ लाखांपर्यंत, कर्ज २५ लाखांपर्यंत आणि देशात कुठेही पक्कं घर नसावं, अशा अटी आहेत. पहिल्या ८ लाखांवर ४ टक्के अनुदान मिळतं. एकूण जास्तीत जास्त १ लाख ८० हजार, तेही पाच वार्षिक हप्त्यांत. हप्ता मिळायच्या वेळी निम्म्याहून जास्त मुद्दल बाकी असावं लागतं. वर सांगितल्याप्रमाणे वर्षाला एक जादा हप्ता भरलात तर त्याला बाधा येत नाही.

प्राप्तिकराची सवलत मोजून कर्ज मोठं करू नका. स्वतः राहत्या घराच्या व्याजाची दोन लाखांपर्यंतची वजावट जुन्या करपद्धतीत आहे, नव्या पद्धतीत नाही.

जागेची आखीव पत्रिका आजोबांच्या नावावर असेल तर बँक आधी तिथेच अडेल. त्यांची तयारी असेल तर नातवाच्या नावे बक्षीसपत्र करता येतं. राहत्या घरासाठी महाराष्ट्रात त्याचं मुद्रांक शुल्क २०० रुपये आहे, स्थानिक संस्थेचा अधिभार आणि नोंदणीचा खर्च वेगळा. पण घर त्यांचं आहे. ते नुसते सहकर्जदार म्हणून सही करायला तयार असतील तर आधी तोच मार्ग बँकेला विचारा.

आणि कर्ज फिटेल तेव्हाचं एक काम आताच वहीत लिहून ठेवा. शेवटचा हप्ता गेल्यावर ३० दिवसांच्या आत मूळ कागदपत्रं परत देणं बँकेवर बंधनकारक आहे, आणि उशीर बँकेमुळे झाला तर दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई मिळते. कागदपत्रं हाती आली की ना-देय दाखला घेऊन आखीव पत्रिकेवरचा बँकेचा बोजा कमी करण्याचा अर्ज सावनेरच्या भूमी अभिलेख कार्यालयात द्यायचा. तो आपोआप कमी होत नाही.