स्लो कुकरमधील डाळ : मृदु अग्नी आणि अपुरा पाक यांतील भेद

प्रास्ताविक

पथ्यकल्पनेत मुद्गयूषाचे स्थान काय आहे, हे वैद्यबंधु-भगिनींना सांगावयास नको. शोधनानंतरच्या संसर्जनक्रमात पेया व विलेपी यांच्यानंतर अकृत यूष आणि त्यापुढे कृत यूष दिले जाते. ज्वरमुक्त, ग्रहणीदोषाने पीडित व दीर्घ आजारातून उठलेल्या रुग्णांसही आपण मुगाचे यूष किंवा पातळ वरण नित्य सुचवितो. मात्र ते शिजते कोठे आणि कसे, याची चौकशी आपण क्वचितच करतो. चूल जाऊन गॅस आला, पातेले जाऊन प्रेशर कुकर आला, तरी आपल्या चिठ्ठीतील शब्द बदलले नाहीत.

आता त्यात आणखी एका भांड्याची भर पडली आहे. परदेशी स्थायिक झालेली मराठी कुटुंबे, तेथे शिकणारे विद्यार्थी आणि अलीकडे आपल्या शहरांतील नोकरदार दांपत्ये डाळ शिजविण्यासाठी स्लो कुकर वापरू लागली आहेत. सकाळी डाळ-पाणी घालून कळ फिरवावी आणि सायंकाळी परतल्यावर तयार वरण मिळावे, ही त्यातील सोय. ‘वैद्यसाहेब, तुम्ही मंद आचेवर शिजवायला सांगता, मग हे भांडे उत्तमच ना?’ असा प्रश्न आम्हांस अनेकदा विचारला जातो. या प्रश्नाला आम्ही एकदा विचार न करता होकार दिला होता. त्या होकाराची किंमत रुग्णाला मोजावी लागली. प्रस्तुत लेखाचे प्रयोजन तेच आहे.

एक अनुभव

ग्रहणीविकारासाठी आमच्याकडे चिकित्सा घेतलेला एक तरुण उच्च शिक्षणासाठी ब्रिटनला गेला. त्याच्या पथ्याच्या कागदावर आम्ही लिहिले होते की, मुगाचे यूष मृदु अग्नीवर सावकाश शिजवून घ्यावे. त्याने स्लो कुकर घेतला. काही आठवडे मूग व मसूर यांवर सर्व सुरळीत चालले. एके दिवशी मूग संपले म्हणून त्याने रात्रभर भिजविलेला राजमा मसुराच्या डाळीत मिसळला आणि भांडे ‘लो’ या खुणेवर ठेवून तो महाविद्यालयात गेला. सायंकाळी मसूर विरघळलेली होती, पण राजम्याचा दाणा मध्यभागी किंचित कणीदार होता. ‘मंद आचेवर आठ तास शिजले आहे’ या भरवशावर ते खाल्ले गेले. सुमारे दोन तासांत त्यास तीव्र मळमळ, पाठोपाठ वारंवार छर्दी आणि नंतर अतिसार झाला.

त्याचा दूरध्वनी आला तेव्हा पूर्वीचा ग्रहणीदोष ध्यानात घेऊन आम्ही ‘आमाजीर्ण’ असे निदान केले आणि लंघन व सुंठीचे पाणी सांगितले. दुसऱ्या दिवशी बोलण्याच्या ओघात कळले की, त्याच्याबरोबर जेवलेल्या दोन मित्रांनाही त्याच वेळी तोच त्रास झाला होता. तिघांच्या प्रकृती निराळ्या, कोष्ठ निराळे, अग्निबल निराळे. लक्षणे मात्र एक आणि काळही एक. अशा वेळी दोष भोक्त्याच्या अग्नीत शोधावयाचा नसतो, तो अन्नात शोधावयाचा असतो. सुदैवाने तिघेही एका दिवसात बरे झाले. निदानातील आमची चूक तर होतीच, पण त्याआधीची चूक आमच्या लिखित सूचनेत होती.

भांड्याचा स्वभाव

चरकसंहितेच्या विमानस्थानात सांगितलेल्या आठ आहारविधिविशेषायतनांत ‘करण’ म्हणजे संस्कार हे दुसरे आयतन होय. जल व अग्नी यांचा संयोग, शौच, मंथन, देश, काल, वासन, भावना यांबरोबर भाजन म्हणजे भांडे हेही गुणांतर घडविणारे कारण म्हणून तेथे मोजले आहे. स्लो कुकर यांपैकी अग्नी, काल आणि भाजन ही तीन कारणे एकाच वेळी बदलतो. म्हणून त्याचा विचार केवळ ‘नवीन भांडे’ असा करून चालणार नाही.

हे उपकरण मुळात अमेरिकेतील. आयर्विंग नॅक्सन यांना अशा विद्युत्-पात्राचे पेटंट 1940 साली मिळाले आणि 1971 पासून ते ‘क्रॉक-पॉट’ या नावाने घरोघरी गेले. आत जाड चिनी मातीचे भांडे, त्याभोवती विजेची तार आणि वर घट्ट बसणारे झाकण अशी त्याची रचना असते. घरगुती उपकरणाची शक्ती साधारणतः 150 ते 300 वॅट असते. उष्णता तळापेक्षा कडेने अधिक लागते, त्यामुळे डाळ करपत नाही, हा त्याचा गुण.

परंतु त्याचा स्वभाव आपल्या वैलावरच्या पातेल्यासारखा नाही. चुलीवर डाळीला प्रथम उकळी येते, फेस वर येतो, तो काढला जातो आणि मग पातेले वैलावर सरकविले जाते. म्हणजे आधी तीक्ष्ण अग्नी, नंतर मृदु अग्नी. स्लो कुकरमध्ये हा पहिला टप्पाच नसतो. समुद्रसपाटीवर उघड्या पातेल्यात पाणी 100 अंश सेल्सिअसला उकळते आणि प्रेशर कुकरमध्ये तपमान 120 अंशांच्या आसपास जाते. स्लो कुकरमधील अन्न मात्र कित्येक तास 75 ते 95 अंशांच्या दरम्यान राहू शकते. उपकरणागणिक यात फरक पडतो आणि काहींमध्ये शेवटी बुडबुडे दिसतातही, पण ‘लो’ या खुणेवर उकळी येईलच असा भरवसा धरता येत नाही.

राजमा आणि राजमाष

कच्च्या राजम्यात फायटोहीमॅग्लुटिनिन नावाचे विषारी प्रथिन असते. अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाच्या माहितीनुसार कच्च्या तांबड्या राजम्यात त्याचे प्रमाण 20,000 ते 70,000 एकके असते आणि पूर्ण शिजल्यावर ते 200 ते 400 एककांवर येते. अवघे चार-पाच कच्चे दाणेही लक्षणे उत्पन्न करू शकतात. भक्षणानंतर सामान्यतः एक ते तीन तासांत मळमळ व छर्दी आणि पुढे अतिसार होतो. सर्वांत महत्त्वाची बाब अशी की, दाणे 80 अंशांपर्यंतच तापविले तर विषारीपणा नष्ट न होता कच्च्या दाण्यापेक्षा पाचपटीपर्यंत वाढू शकतो. अपुरा पाक हा अपाकाहून घातक ठरण्याचे याहून स्पष्ट उदाहरण आम्हांस ठाऊक नाही.

येथे नामसादृश्यामुळे होणारा एक घोटाळाही दूर केला पाहिजे. संहितांमधील राजमाष म्हणजे चवळी, राजमा नव्हे. राजमा हे अमेरिका खंडातील धान्य असून तेथील समुद्रमार्ग खुले झाल्यानंतर ते आपल्याकडे आले. म्हणून शमीधान्यवर्गात त्याचे गुणकर्म शोधू नये आणि राजमाषाचे गुण त्यास लावू नयेत. आपल्याकडील श्रावणघेवडा आणि सातारा जिल्ह्यातील कोरेगावचा प्रसिद्ध वाघ्या घेवडा हे याच जातीचे आहेत. त्यांच्या वाळलेल्या दाण्यांनाही हाच नियम लावावा: किमान 5 तास भिजवावे, ते पाणी फेकून द्यावे, नव्या पाण्यात शेगडीवर खळखळत्या उकळीवर 30 मिनिटे शिजवावे आणि मगच हवे तर स्लो कुकरमध्ये घालावे. रुग्णाच्या पथ्यात तर हे धान्य नसावेच.

मूग व मसूर यांत हा धोका राजम्याच्या तुलनेत फारच कमी आहे. चरकाचार्यांनी शमीधान्यांत मुगास हिततम आणि माषास अहिततम गटात घातले आहे. लघुपाकी मुगासाठी हे भांडे चालते, पण पहिली उकळी तेथेही सोडू नये. एकच नियम सर्व डाळींना लावला म्हणजे गृहिणीकडून किंवा एकट्या राहणाऱ्या विद्यार्थ्याकडून चूक होण्यास वाव राहत नाही.

यूष व वरण यांची कृती

यूषासाठी डाळीच्या 18 पट पाणी ही प्रसिद्ध परिभाषा आहे. परंतु ती उघड्या भांड्यात, पाणी आटत असता करावयाच्या पाकाची आहे. स्लो कुकरच्या झाकणावर जमलेली वाफ पुन्हा आतच पडते, पाणी जवळजवळ आटत नाही. 18 पट पाणी घातल्यास यूष न होता डाळीचे फिके पाणी हाती येते. म्हणून आम्ही 12 पट पाणी घेतो. भांडे निम्मे ते दोनतृतीयांश भरलेले असावे. 3 लिटरच्या भांड्यासाठी पुढील प्रमाण योग्य ठरते.

1) बिनसालीची मुगाची डाळ 125 ग्रॅम घेऊन कोरडीच मंद आचेवर सुगंध येईपर्यंत भाजावी. भर्जनाने ती अधिक लघु होते.

2) तीन-चार पाण्यांनी धुऊन अर्धा तास भिजवावी व भिजवणीचे पाणी टाकून द्यावे. आध्मान करणाऱ्या शर्करांचा काही अंश त्यातून निघून जातो.

3) दीड लिटर पाण्यात डाळ घालून शेगडीवर 10 मिनिटे चांगली उकळावी आणि वर आलेला फेस काढावा.

4) उकळती डाळ स्लो कुकरमध्ये ओतावी. मातीचे भांडे आधी कोमट करून घ्यावे, अन्यथा एकाएकी उष्णता लागून ते तडकते. पाव चमचा हळद व 1 ग्रॅम सुंठ घालावी.

5) ‘हाय’ या खुणेवर सुमारे 3 तास किंवा ‘लो’ वर सुमारे 6 तास ठेवावे. मध्ये झाकण उघडू नये; प्रत्येक वेळी उष्णता जाऊन पाक लांबतो.

6) घड्याळावर नव्हे, दाण्यावर विश्वास ठेवावा. दोन बोटांत दाबताच डाळ लोण्यासारखी विरली पाहिजे. कणी लागल्यास पाक अपुरा समजावा.

अकृत यूष हवे असल्यास हे घुसळून तसेच द्यावे. कृत यूषासाठी सैंधव घालावे आणि तूप, जिरे व हिंग यांची फोडणी कढल्यात निराळी करून वरून द्यावी. जिरे-हिंग प्रथमपासून डाळीत घातल्यास तुपातील तीव्र उष्णतेचा संस्कार त्यांवर होत नाही. त्यांचा सुगंधी अंश स्नेहात उतरावा लागतो. चिंच, आमसूल किंवा टोमॅटो शेवटीच घालावेत, कारण अम्ल पदार्थांमुळे डाळ लवकर मऊ होत नाही. कठीण पाण्यानेही तसेच होते. घरच्यांसाठी दाट वरण करावयाचे असल्यास 300 ग्रॅम डाळीस दीड लिटर पाणी पुरते. तूर व हरभरा यांच्या डाळींना अधिक भिजवण आणि अधिक वेळ द्यावा लागतो. मूत्रपिंडविकाराच्या रुग्णांत मात्र डाळीची मात्रा प्रथिनांचे बंधन पाहूनच ठरवावी.

साठवण

काही उपकरणांत उशिरा सुरू होण्याची सोय असते. भिजलेली डाळ त्यात सहा-सात तास तशीच पडून राहिली, तर शिजण्याआधीच आंबू लागते. म्हणून ही सोय वापरू नये. ‘वॉर्म’ ही खूण शिजविण्यासाठी नसून तयार अन्न गरम राखण्यासाठी आहे. शिजलेली डाळ 60 अंशांखाली रेंगाळू देऊ नये. उरलेली डाळ उथळ भांड्यात काढून दोन तासांच्या आत शीतकपाटात ठेवावी आणि पुन्हा घेताना शेगडीवर उकळी आणावी. स्लो कुकरमध्ये ती फार सावकाश तापते. रुग्णासाठी मात्र पर्युषित यूष देऊच नये. उष्ण व ताजे अन्न घ्यावे, या आहारविधीला कोणत्याही यंत्राने सूट दिलेली नाही.

औषधविक्रेत्या बंधूंसाठी दोन गोष्टी

पहिली गोष्ट अशी की, स्लो कुकर घेतलेला ग्राहक पुढे काढ्याचे भरडही त्यात शिजवू पाहतो. क्वाथकल्पनेत पाणी आटून चतुर्थांश उरावे लागते आणि झाकण उघडे ठेवावयाचे असते. या भांड्यात झाकण लावल्यास पाणी आटत नाही आणि काढल्यास पुरेशी उष्णता टिकत नाही. ग्राहकास सौम्य काढा मिळतो आणि ‘औषधाचा गुण नाही’ असा ठपका आपल्यावर येतो. भरडाची पुडी देताना ‘उघड्या भांड्यात शेगडीवर आटवावा’ असे स्पष्ट सांगावे. दुसरी गोष्ट हिंगाची. बाजारातील बांधानी हिंगात गव्हाचे किंवा तांदळाचे पीठ व डिंक मिसळलेले असते. गहू वर्ज्य असलेल्या रुग्णास यूषासाठी हिंग देताना वेष्टनावरील घटक वाचूनच द्यावे.

सारांश

स्लो कुकर त्याज्य नाही. एकट्या राहणाऱ्या विद्यार्थ्याला किंवा दिवसभर घराबाहेर असणाऱ्या मुलीला आपल्या वृद्ध आईसाठी ताजे, न करपलेले, मऊ वरण त्यात मिळू शकते, ही लहान सोय नव्हे. परंतु मृदु अग्नी म्हणजे अपुरा अग्नी नव्हे. मृदु अग्नीवर पाक सावकाश पण पूर्ण होतो. अपुऱ्या अग्नीवर काळ कितीही गेला तरी तो पूर्ण होत नाही.

त्या प्रसंगानंतर आम्ही आमच्या पथ्याच्या कागदावरील वाक्य बदलले आहे. आता तेथे असे लिहिलेले असते: ‘डाळ प्रथम शेगडीवर 10 मिनिटे उकळावी, फेस काढावा, नंतर मृदु अग्नीवर कणी जाईपर्यंत शिजवावी. सांगितलेल्या डाळीऐवजी दुसरे कडधान्य विचारल्याशिवाय घालू नये.’ औषधाची मात्रा आपण गुंजेपर्यंत मोजून लिहितो. पथ्याची कृतीही तितक्याच काटेकोरपणे लिहावी, अशी वैद्यबंधु-भगिनींना नम्र विनंती आहे.