विम्याचा दावा अडकला, दाद कुठे मागू?

प्रश्न : पतींच्या निधनानंतर सगळी कागदपत्रं दिली. चार महिने 'चौकशी सुरू आहे' एवढंच ऐकते. (एक वाचक, सांगली)

उत्तर : ताई, चौकशी असली तरी मृत्युदावा ४५ दिवसांत निकाली निघायला हवा. उशिराबद्दल बँक दरापेक्षा २ टक्के जादा व्याज मिळतं, ते मागाच. कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याला लेखी अर्ज द्या, प्रतीवर तारखेसह पोच घ्या. तोंडी चकरांचा पुरावा राहत नाही. महिनाभर दाद लागली नाही, तर पुण्याच्या विमा लोकपालांकडे तक्रार करा. ५० लाखांपर्यंतचे दावे तिथे चालतात. फी नाही, वकील नाही. ग्राहक आयोगही आहेच, पण तिथे प्रकरण सुरू असताना लोकपाल तक्रार घेत नाहीत, म्हणून आधी लोकपाल गाठा.