डोक्यावरची माती

वाशिमच्या काळ्या रानात मी वाढलो. मराठा लाइट इन्फंट्रीत भरती झालो, बेळगावला ट्रेनिंग झालं आणि २००२ साली पूंछच्या नियंत्रण रेषेवर मोर्च्यात जाऊन बसलो. तिथं जे शिकलो ते आठवेल तसं सांगतो.

१. दगडापेक्षा माती भरवशाची. आमच्या शेतात कंबरभर खणलं तरी मातीच लागते. तिथल्या डोंगरात कुदळ मारली की ठिणगी उडायची. खणता येत नाही, म्हणून दगड रचून संगर करायचा. पण गोळा जवळ फुटला की त्याच दगडांच्या चिपा उडतात आणि अंगात शिरतात. म्हणून आम्ही खालच्या नाल्यातून मातीची पोती पाठीवर वाहिली. लाकडी बल्ल्या, त्यावर पत्रे, त्यावर पोती. गोळाबारीच्या रात्री वरून चहात धूळ पडायची, पण छत कधी पडलं नाही. जन्मभर मातीत हात घातलेल्या मला ती तिथं नव्यानं कळली.

२. आधी कान. मॉर्टरचा गोळा नळीतून सुटताना लांबून 'ठप्प' ऐकू येतं. तो पडेपर्यंतच्या मोजक्या सेकंदांत आत शिरायचं. नवखा पोरगा वर बघत उभा राहतो. त्याला कॉलर धरून ओढावं लागतं.

३. डोळे अंधाराला सरावायला अर्धा तास लागतो. एक काडी पेटली की सगळं वाया.

४. मोजे कोरडे ठेवावेत. बाकी सगळं ओलं चालेल.

५. पहाटे आणि तिन्हीसांजेला 'स्टँड टू'. सगळे हत्यार घेऊन तयार, कारण हल्ल्याचा धोका उजेड-अंधाराच्या सांध्यावर जास्त. मला याच वेळा जड जायच्या. घरी तेव्हा म्हशीची धार निघत असणार.

६. राशनाबद्दल कुरकुर करू नये. आमच्याच जुन्या पलटणी १९१५-१६ मध्ये इराकात कूतच्या वेढ्यात १४७ दिवस अडकल्या होत्या, उपाशी. ते ऐकलं त्या दिवसापासून मी ताटात काही टाकलं नाही.

७. २६ नोव्हेंबर २००३. ईदच्या दिवशी शस्त्रसंधी लागू झाली. त्या शांततेत आमच्या मोर्च्यात कुणालाच झोप आली नाही. सकाळी सुभेदारसाहेबांनी फाटकी पोती बदलायला लावली.

आता माझा पुतण्या त्याच बाजूला आहे. फोन आला की त्याची आई विचारते, जेवलास का? मग फोन माझ्याकडे येतो. मी विचारतो, छतावर माती किती आहे रे?