हनीसकलला पानंच पानं, फुलं कधी?

प्रश्न : पुण्यात आमच्या गॅलरीत दोन वर्षांपासून हनीसकलचा वेल आहे. वाढ जोमदार, पण फूल एकही नाही. शेणखत दर महिन्याला घालते. काय करू?

उत्तर : ताई, आधी वेल हनीसकलचाच आहे ना, ते बघा. नर्सरीत याच नावाखाली मधुमालतीही मिळते. एक फांदी कापा. जपानी हनीसकलची फांदी आतून पोकळ असते, कोवळ्या शेंड्यावर बारीक लव असते. मधुमालतीच्या जून फांदीवर देठांचे बुडखे काट्यांसारखे राहिलेले दिसतात.

हनीसकल असेल, तर खत लगेच थांबवा. दर महिन्याच्या शेणखताने नत्र जास्त होतं, मग वेल पानांतच रमतो. कुंडी चार-पाच तास ऊन मिळेल अशा जागी हलवा. सकाळचं ऊन उत्तम. वेल स्वतःच पीळ घेत चढतो, पण त्याला तार किंवा सुतळी हवी. फुलं नव्या फुटीवर, पानांच्या बेचक्यात जोडीने येतात. पांढरी उमलून पिवळी होतात. वास संध्याकाळनंतर खरा दरवळतो, कारण निशाचर पतंगांना बोलवायचं असतं. बहर ओसरला की छाटणी करा.

एक कळकळीची विनंती : छाटलेल्या फांद्या टेकडीवर किंवा ओढ्याकाठी टाकू नका. मातीला टेकल्या की मुळं धरतात. अमेरिकेच्या पूर्व भागात बागेतून निसटलेल्या याच वेलाने जंगलातली रोपटी गुदमरवली आहेत.