पत आणि थाट

दुसऱ्या महायुद्धानंतर, डिसेंबर १९४७ पासून धान्यावरील नियंत्रण उठू लागले; भाव कडाडले आणि १९४८ मध्ये नियंत्रण पुन्हा आले. या उलथापालथीत बोरगावच्या आमच्या पेढीचे भांडवल अडकले. तरी गादीवरील चादर शुभ्र राहिली आणि लोकलाजेस्तव घरचे लग्न कर्ज काढून थाटात झाले. त्या व्याजाने वडील कित्येक वर्षे पिचले. अखेर त्यांनी खतावणी सावकारापुढे उघडी केली. हप्ते बांधून मिळाले, पत मात्र गेली नाही. बंधुभगिनींनो, परिग्रह-परिमाणाचे व्रत केवळ संपन्नांसाठी नाही; ऐपतीबाहेरचा थाट टाळणे हेही त्याचेच पालन होय. चादर स्वच्छ अवश्य असावी. तिच्याखाली तूट झाकू नये.