रोजच्या अडचणीतून शोध

शंकर आबाजी भिसे यांचा जन्म १८६७ साली मुंबईत झाला. यंत्रविद्या ते 'सायंटिफिक अमेरिकन' हे नियतकालिक वाचून स्वतःच शिकले. चौदाव्या वर्षी त्यांनी घरीच कोळशापासून गॅस काढण्याचे उपकरण बनविले. पुढे इंग्लंडमधील एका नियतकालिकाने किराणा माल आपोआप तोलणाऱ्या यंत्रासाठी स्पर्धा ठेवली. भिसे यांनी मुंबईतून आराखडा पाठविला आणि इंग्रज स्पर्धकांना मागे टाकून बक्षीस मिळविले.

विषय साधा होता: पुडी तोलताना दुकानदाराचा जाणारा वेळ. बडनेऱ्याच्या दुकानदारांनी व मिस्त्रींनी हेच ध्यानात घ्यावे. ज्या कामात रोज हात अडतो, तिथेच शोधाला जागा असते. वही ठेवा, अडचण लिहा, आकृती काढा. मगच हत्यार उचला.